नाण्यांचं गणित ‘क्ष’ न मांडता कसं सोडवायचं?

पोलीस भरतीच्या लेखी परीक्षेत 90 मिनिटांत 100 प्रश्न असतात. समीकरण मांडत बसायला वेळ कुठे?

हे उदाहरण पाहा. पिशवीत 5 आणि 10 रुपयांची मिळून 40 नाणी आहेत, रक्कम 280 रुपये. तर 10 ची नाणी किती?

सगळी नाणी 5 चीच आहेत असं समजा. रक्कम होते 200, म्हणजे 80 रुपये कमी पडतात. आता 5 चं एक नाणं काढून 10 चं ठेवलं, तर नाणी 40 च राहतात, रक्कम मात्र 5 रुपयांनी वाढते. 80 भागिले 5, म्हणजे अशा 16 अदलाबदली. 10 ची नाणी 16, उरलेली 24 पाचची.

घोळ होतो तो इथेच. आपण धरली 5 ची नाणी, पण भागाकारातून मिळाली 10 ची. पर्यायांत 24 दिसला की घाईत त्यावरच खूण होते.