लुचियान पिंतिलिए

लुचियान पिंतिलिए (९ नोव्हेंबर, इ.स. १९३३ - १६ मे, इ.स. २०१८) हे रोमेनियन चित्रपट, नाट्य व ऑपेरा दिग्दर्शक होते. त्यांचा जन्म बेसाराबियातील तारुतिनो या गावी झाला. हे गाव तेव्हा रोमेनियात होते, आज ते युक्रेनमध्ये आहे. बुखारेस्ट येथे नाट्य व चित्रपटाचे शिक्षण घेऊन त्यांनी तेथील बुलांद्रा नाट्यगृहात दिग्दर्शनास आरंभ केला. 'रविवारी सहा वाजता' (इ.स. १९६५) हा त्यांचा पहिला चित्रपट होय.

== रेकोन्स्तितुइरेआ ==
पिंतिलिए यांची कीर्ती आणि त्यांच्यावरील संकटे, दोन्हींचे मूळ 'रेकोन्स्तितुइरेआ' म्हणजे 'पुनर्रचना' या चित्रपटात आहे. होरिया पात्राश्कू यांच्या कथेवर आधारलेला हा चित्रपट इ.स. १९६८ मध्ये तयार झाला. व्हुइका आणि निकू हे दोन तरुण दारूच्या नशेत मारामारी करतात. शिक्षेऐवजी त्यांना तीच मारामारी कॅमेऱ्यापुढे पुन्हा करून दाखवण्यास सांगितले जाते, कारण मद्यपानाचे दुष्परिणाम दाखवणारा बोधपट काढावयाचा असतो. सरकारी वकील उकाड्याने त्रासलेला असतो व काम लवकर आटोपावे एवढीच त्याची इच्छा असते. पोलीस हुकूम पाळतो, शिक्षक हळहळतो, पण थांबवत कोणीच नाही. खोटा ठोसा पटत नाही म्हणून खरा मारण्याचा आग्रह होतो आणि त्या ठोशाने व्हुइकाचा बळी जातो. दुष्टपणापेक्षा बेफिकिरीने माणूस कसा मारला जातो, हे इतक्या साधेपणाने दाखवणारे चित्रपट विरळाच.

चित्रपटात सत्तेविरुद्ध एकही घोषणा नाही. तरीही निकोलाए चाउशेस्कू यांच्या राजवटीला त्यातील रोख कळला. इ.स. १९७० च्या आरंभी तो प्रदर्शित झाला आणि थोड्याच काळात काढून घेण्यात आला. रोमेनियन प्रेक्षकांना तो पुन्हा पाहता आला तो इ.स. १९८९ च्या क्रांतीनंतर. इ.स. २००८ मध्ये रोमेनियन समीक्षकांनी त्याला देशातील सर्वोत्कृष्ट चित्रपट ठरवले.

== परदेशातील काळ ==
इ.स. १९७२ मध्ये बुलांद्रा येथे त्यांनी बसवलेल्या गोगोलच्या 'इन्स्पेक्टर जनरल' या नाटकावर मोजक्याच प्रयोगांनंतर बंदी आली. नाट्यगृहाचे प्रमुख लिव्हिउ चुलेइ यांनाही पद गमवावे लागले. भ्रष्ट अधिकाऱ्यांवरील शंभराहून अधिक वर्षांपूर्वीचे रशियन प्रहसनही राज्यकर्त्यांना झोंबावे, यातच सारे आले. यानंतर पिंतिलिए यांनी प्रामुख्याने फ्रान्स व अमेरिकेत नाटके आणि ऑपेरा बसवले. चेखॉव्हच्या 'वॉर्ड क्रमांक ६' या कथेवरील चित्रपट त्यांनी युगोस्लाव्हियात केला. मायदेशी परतून कारादजाले यांच्या नाटकावर केलेला 'मितिका, घंटा का वाजताहेत?' (इ.स. १९८१) हा चित्रपटही अडवला गेला व इ.स. १९९० मध्ये प्रकाशात आला.

== पुनरागमन ==
क्रांतीनंतर पिंतिलिए रोमेनियात परतले, तेव्हा ते साठीच्या उंबरठ्यावर होते. सांस्कृतिक मंत्रालयाच्या चित्रनिर्मिती केंद्राची सूत्रे त्यांच्याकडे आली. 'बालान्त्सा' (तराजू, इ.स. १९९२) या चित्रपटात गुप्त पोलिसांतील कर्नलची मुलगी वडिलांच्या अस्थी कॉफीच्या बरणीत घेऊन कोपशा मिका या काजळीने माखलेल्या औद्योगिक गावी येते. माया मोर्गनस्टर्न यांची ती भूमिका विशेष गाजली. पुढील 'अविस्मरणीय उन्हाळा' (इ.स. १९९४) व 'फार उशीर' (इ.स. १९९६) हे कान महोत्सवाच्या स्पर्धेत होते, तर 'तेर्मिनुस पारादिस' (इ.स. १९९८) यास व्हेनिस येथे परीक्षकांचे विशेष पारितोषिक मिळाले.

'निकी आणि फ्लो' (इ.स. २००३) हा त्यांचा अखेरचा पूर्ण लांबीचा चित्रपट. निवृत्त कर्नल निकी आणि त्याचा व्याही फ्लो यांच्यातील कुरबुरी त्यात शेवटी हिंसेपर्यंत पोहोचतात. याची पटकथा क्रिस्ती पुइउ व रझ्व्हान रादुलेस्कू या तरुणांची होती. याच दोघांनी पुढे 'श्री. लाझारेस्कू यांचा मृत्यू' (इ.स. २००५) लिहिला आणि पुइउ यांनी तो दिग्दर्शित केला. रोमेनियन नवचित्रपटाकडे जगाचे लक्ष गेले ते या चित्रपटापासून.