नायिकेमागे उभी राहिलेली बाई : ललिता पवार

कर्जत-खालापूर भागात शूटिंगचे आता फारसे नवल राहिलेले नाही. कलादिग्दर्शक नितीन चंद्रकांत देसाई यांनी २००५ साली चौकजवळ एन. डी. स्टुडिओ उभा केला. 'जोधा अकबर'चे भव्य सेट तिथेच लागले. तेव्हापासून आसपासच्या गावांना सिनेमा जवळून दिसू लागला. गर्दीच्या दृश्यात दिवसभर उन्हात उभे राहून रोज मिळवणाऱ्या भगिनी आम्ही पाहिल्या आहेत. संध्याकाळी घरी आल्यावर शेजारीण पहिला प्रश्न विचारते, "हिरोईन कोण होती गं?" हिरोईनच्या मागेपुढे राबणाऱ्यांची चौकशी कोणी करीत नाही. म्हणून आज आम्ही अशाच एका बाईची हकिगत सांगणार आहोत.

ललिता पवार म्हटले की आपल्याला खाष्ट सासू आठवते. त्यांचा जन्म १८ एप्रिल १९१६ चा, नाशिक जिल्ह्यातील येवल्याचा. बाबासाहेबांनी १३ ऑक्टोबर १९३५ रोजी धर्मांतराची घोषणा केली, तेच हे येवले. मूळ नाव अंबा. लहान वयातच त्या मूकपटात आल्या आणि पुढे नायिका झाल्या. 'कैलाश' (१९३२) या चित्रपटाच्या निर्मितीत त्यांचा वाटा होता. टॉलस्टॉयच्या कादंबरीवरील 'दुनिया क्या है' (१९३७) हा चित्रपटही त्यांनीच काढला. त्या काळात एका तरुण बाईने स्वतः चित्रपट काढावा ही साधी गोष्ट नव्हती.

पण १९४२ साली घात झाला. 'जंग-ए-आझादी'च्या शूटिंगमध्ये मास्टर भगवान यांनी त्यांना थप्पड मारायची होती. भगवान हे गिरणी कामगाराचे पोर, मनात काही वाईट नव्हते. पण हात जोरात बसला. चेहऱ्याला लकवा झाला, डाव्या डोळ्याची शीर फुटली. दीर्घ उपचार झाले, तरी डोळा बारीक झाला तो कायमचाच. नायिकेची कामे संपली.

खोपोलीच्या कारखान्यांत काम करणाऱ्या आपल्या बांधवांना आम्ही विचारतो, मशीनखाली बोट गेले तर त्याला काय म्हणतात? कामावरचा अपघात. कामगार भरपाईचा कायदा १९२३ सालीच झाला होता. नटीचा चेहरा म्हणजे तिचे हत्यार. तो कामावर असताना जायबंदी झाला, तर तोही कामावरचा अपघातच. परंतु चित्रपट कामगारांशी लेखी करार करण्याची सक्ती करणारा केंद्राचा कायदा व्हायला मात्र १९८१ साल उजाडले.

ललिताबाई घरी बसल्या नाहीत. बारीक झालेला तोच डोळा घेऊन त्या पुन्हा कॅमेऱ्यासमोर आल्या. 'रामशास्त्री' (१९४४) मध्ये आनंदीबाई, 'दहेज' (१९५०) मध्ये सासू, 'श्री ४२०' (१९५५) मध्ये मायाळू केळेवाली. 'अनाडी' (१९५९) मधील वरून कडक, आतून मऊ अशा घरमालकीण मिसेस डीसाबद्दल त्यांना सहाय्यक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. १९६१ साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार आला. 'आनंद' (१९७१) मधील मेट्रन तर आपल्या सरकारी इस्पितळातल्या एखाद्या शिस्तीच्या सिस्टरसारखीच वाटते.

पुढे घरोघर टीव्ही आला. रामानंद सागर यांच्या 'रामायण' मालिकेत (१९८७-८८) त्या मंथरा झाल्या. मालिकेच्या विचारांशी आपले मतभेद आहेतच. पण १९६१ च्या 'संपूर्ण रामायण' मध्ये केलेली भूमिका सत्तरी उलटल्यावर पुन्हा त्याच ताकदीने करणे हे मेहनतीचे काम आहे. २०२० च्या लॉकडाऊनमध्ये ती मालिका पुन्हा दाखवली गेली, तेव्हा नव्या पिढीनेही त्यांना पाहिले. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. त्यांच्या चित्रपटांची संख्या सातशेच्या घरात सांगितली जाते.

भगिनींनो, शूटिंगला जरूर जा, त्यात कमीपणा नाही. पण गाडीत बसण्याआधी नेणाऱ्याचे नाव, रोज किती, पैसे कधी मिळणार आणि काही इजा झाल्यास दवाखान्याचा खर्च कोणाचा, एवढे विचारून वहीत लिहून ठेवा. सोबतच्या बायकांनाही लिहायला लावा. ललिताबाईंच्या हकिगतीतून आम्ही एवढे शिकलो. तुम्हीही शिका.