पडद्यावरचा समुद्र

तलासरी म्हटलं की बहुतेकांच्या डोळ्यांपुढे डोंगर, भातखाचरं आणि आदिवासी पाडे येतात. पण या तालुक्याला झाईपाशी समुद्रही भेटतो. डहाणूहून बोर्डीमार्गे किनाऱ्याकिनाऱ्याने उत्तरेला गेलं, की झाई हे मच्छीमारांचं गाव लागतं आणि पुढे गुजरातची हद्द सुरू होते. माझे वडील याच किनाऱ्यावर एका होडीचे तांडेल होते.

गोष्ट १९८७ सालची. दूरदर्शनवर ‘रामायण’ सुरू होतं आणि त्याचं चित्रीकरण हद्दीपलीकडे, उंबरगावला चालायचं. त्याच दिवसांत वस्तीत कुणीतरी भाड्याने व्हिडिओ आणला आणि रात्री जहाजांच्या लढाईचा एक जुना हॉलीवूडचा चित्रपट लावला. आम्ही पोरं तलवारबाजीत रंगून गेलो होतो. वडील मात्र मध्येच हसले. म्हणाले, “वारा मागून घेऊन गलबत पळतंय, आणि निशाण फडकतंय मागे! आणि तो कंदील बघा. एवढं तुफान, पण कंदील काठीशी सरळच्या सरळ.”

पुढे चित्रपटांविषयी वाचू लागलो, तेव्हा त्यांचं म्हणणं किती नेमकं होतं ते कळलं. जहाज डोलतं तेव्हा टांगलेला कंदील ओळंब्यासारखा उभाच राहतो आणि त्याच्या भोवती जहाज कलतं. स्टुडिओत मात्र जहाजाचा सेट जमिनीवर पक्का असतो आणि कलवतात तो कॅमेरा. मग डोलकाठी, कंदील, माणसं सगळं एकदम कलतं. घरात बसलेल्या प्रेक्षकाला ते तुफान वाटतं, पण तांडेलाच्या नजरेला ते फसवू शकत नाही.

मग खऱ्या समुद्रावर का जात नाहीत? जातात, पण त्याची किंमत मोजावी लागते. १९३५ साली एमजीएम कंपनीने ‘म्युटिनी ऑन द बाउंटी’ काढला. क्लार्क गेबल आणि चार्ल्स लॉटन त्यात होते आणि त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं ऑस्कर मिळालं. कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्याजवळ चित्रीकरण चालू असताना कॅमेऱ्याचा तराफा उलटला आणि एक साहाय्यक कॅमेरामन बुडून मरण पावला. त्याच वर्षी वॉर्नर ब्रदर्सने एरॉल फ्लिनला घेऊन ‘कॅप्टन ब्लड’ केला. त्यांनी पैसे वाचवले. लढाईतली काही जहाजं हौदातली लहान प्रतिकृती होती, तर काही दृश्यं १९२४ च्या ‘द सी हॉक’ या मूकपटातून उचलून जोडली होती.

हौदातलं छोटं जहाज मोठं कसं दिसतं, यामागे साधं गणित आहे. १६ मीटर उंच डोलकाठीच्या टोकावरून एखादी कप्पी सुटली, तर तिला खाली यायला सुमारे १.८ सेकंद लागतात. प्रतिकृती सोळाव्या हिश्श्याची असेल, तर डोलकाठी १ मीटरची होईल आणि कप्पी ०.४५ सेकंदात खाली येईल, म्हणजे चौपट लवकर. डोळा लगेच ओळखतो की हे खेळणं आहे. म्हणून कॅमेरा चौपट वेगाने चालवतात. सेकंदाला २४ ऐवजी ९६ चित्रं घेतात आणि दाखवताना २४ च्याच गतीने दाखवतात. लाटा जड होतात, जहाज सावकाश वर चढतं, सावकाश खाली येतं.

पण पाण्याचा थेंब हे गणित मानत नाही. जहाज लहान करता येतं, थेंब लहान करता येत नाही. सोळाव्या हिश्श्याच्या जहाजावर पाच मिलिमीटरचा थेंब उडाला, तर पडद्यावर तो आठ सेंटिमीटरचा, मोसंबीएवढा वाटतो. खऱ्या लाटेच्या माथ्यावर तर धुक्यासारखे तुषार असतात. यावर उपाय एकच, प्रतिकृती जमेल तेवढी मोठी करायची. १९४० साली ‘द सी हॉक’ याच नावाने वेगळ्या कथेचा चित्रपट केला, तेव्हा वॉर्नर ब्रदर्सने पाण्याने भरता येईल असा स्टुडिओच उभारला आणि त्यात १६५ आणि १३५ फूट लांबीची दोन जहाजं बांधली.

हे सगळं फक्त तिकडेच चाललं होतं असं नाही. १९३६ साली पुण्यात प्रभात फिल्म कंपनीने, व्ही. शांताराम यांच्या दिग्दर्शनाखाली ‘अमर ज्योती’ हा हिंदी चित्रपट काढला. त्यात समुद्रावरच्या चाच्यांची राणी होत्या दुर्गा खोटे. या सौदामिनीला राज्याचा न्याय स्वतःच्या मुलाचा ताबा नाकारतो, म्हणून ती जमीन सोडून समुद्रावर जाते आणि राज्याविरुद्ध उभी ठाकते. ‘कॅप्टन ब्लड’मधला डॉक्टरही अन्यायाने शिक्षा झाल्यावरच चाचा होतो. पण बाईला नायक करून हा प्रश्न मांडणं ही प्रभातची हिंमत. वेनिसच्या महोत्सवातही हा चित्रपट दाखवला गेला.

पुण्यात समुद्र कुठून आणणार? पार्श्वप्रक्षेपणाचं तंत्र भारतात पहिल्यांदा वापरल्याचा मान याच चित्रपटाला दिला जातो. नटांच्या मागे अर्धपारदर्शक पडदा लावायचा, त्याच्या मागून यंत्राने समुद्राचं चित्र टाकायचं आणि समोरून दोन्ही एकत्र टिपायचं. ऐकायला सोपं आहे. पण कॅमेऱ्याची आणि यंत्राची उघडझाप एका तालात झाली नाही, तर समुद्र लुकलुकतो. नटांवरचा उजेड जास्त झाला, तर मागचं पाणी फिकं पडतं. वल्हवणाऱ्यांचे हात एका तालात पडावे लागतात, तसाच हा प्रकार.

‘बाउंटी’ची गोष्ट एवढ्यावर संपत नाही. १९६२ साली एमजीएमने ती पुन्हा केली. या वेळी कॅनडात लुनेनबर्ग इथे खरंखुरं शिडाचं जहाज बांधून घेतलं. कॅमेरे मावावेत म्हणून ते मूळ जहाजापेक्षा मोठं केलं होतं. चित्रपट संपल्यावरही ते जवळजवळ पन्नास वर्षं पाण्यावर राहिलं. २९ ऑक्टोबर २०१२ रोजी सँडी वादळात ते अमेरिकेच्या किनाऱ्यापासून दूर बुडालं. सोळा जणांपैकी चौदा वाचले. कप्तान आणि एक खलाशी गेले. चित्रपटासाठी बांधलेलं म्हणून समुद्राने त्याला वेगळं वागवलं नाही.

व्हिडिओच्या त्या रात्रीची एक गोष्ट सांगायची राहिली. वडील चुका दाखवत होते, आम्ही हसत होतो, आणि आई गप्प बसली होती. पडद्यावर लाट जहाजावर आली तशी तिने पदर तोंडाला लावला. वडील म्हणाले, “अगं, हौदातलं पाणी आहे ते.” ती म्हणाली, “असेल. पण तुम्ही गेलात की काय होतं, ते मला कुणी दाखवलंय कधी?”

तिचा सगळा जन्म किनाऱ्यावर गेला होता. होडी येईपर्यंत वाट पाहायची आणि आली की मासळीची पाटी डोक्यावर घेऊन बाजार गाठायचा. क्षितिजापलीकडचं तुफान तिने त्या रात्री पहिल्यांदा पाहिलं. थेंब मोसंबीएवढे होते, निशाण उलटं होतं, कंदील हलत नव्हता. तरी तिला जे कळायचं ते कळलं.

वडील त्यानंतर हसले नाहीत. दुसऱ्या दिवशी पहाटे भरतीला होडी निघाली, तेव्हा आई नेहमीपेक्षा जास्त वेळ किनाऱ्यावर उभी होती.