मसण्या ऊद, स्कंक आणि ग्रुपवरचा एक फोटो

गेल्या महिन्यात सुलतानपूरच्या आमच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर एक फोटो पडला. जुन्या घराच्या पत्र्याखाली, तुळईवर अंग चोरून बसलेला एक प्राणी. काळसर अंग, लांब शेपटी, टॉर्चच्या उजेडात चमकणारे डोळे. पाच मिनिटांत निकालही लागला. एक जण म्हणाला, "स्कंक आहे भाऊ, जवळ जाऊ नका, फवारा मारतो." दुसरा म्हणाला, "मसण्या ऊद आहे. मढी उकरतो. हाणा." तोवर खाली पोरं काठ्या घेऊन जमलीसुद्धा होती.

स्कंक म्हणणारा तर शंभर टक्के चुकला होता. कार्टूनमुळे स्कंक आपल्याला घरचा वाटतो, पण तो फक्त अमेरिका खंडांत राहतो. त्याचे अमेरिकेबाहेरचे सख्खे नातेवाईक म्हणजे इंडोनेशिया, मलेशिया आणि फिलिपिन्समधले 'स्टिंक बॅजर'. भारतात यातलं कुणीच नाही. फोटोतलं होतं ते उदमांजर. चेहऱ्यावर काळा मुखवटा, डोळ्यांखाली पांढरे डाग, पाठीवर ठिपक्यांच्या रांगा आणि जवळपास अंगाएवढी शेपटी.

पण नावांचा हा घोळ फक्त आपल्या ग्रुपवरचा नाही. श्रेबर नावाच्या जर्मन शास्त्रज्ञाने १७७६ मध्ये पट्टेवाल्या स्कंकला नाव दिलं तेव्हा त्याला थेट 'व्हिव्हेरा', म्हणजे जवादी मांजराच्या गटात टाकलं. रॅटल ऊर्फ बिज्जूलाही त्याच डब्यात. पुढच्याच वर्षी पल्लासने आपलं उदमांजरही तिथेच नेऊन बसवलं. लांबट अंग, आखूड पाय, शेपटीखाली वासाच्या ग्रंथी, म्हणजे सगळे एकच! पुढे स्कंकला मुंगसासारख्या दिसणाऱ्या वीझलच्या कुळात हलवलं आणि तिथे तो बराच काळ राहिला. १९९७ मध्ये ड्रॅगू आणि हनीकट या दोघांनी डीएनए तपासून दाखवलं की स्कंकचं कूळच वेगळं आहे. स्टिंक बॅजरही तेव्हाच त्याच्या घरात आला.

मांसभक्षी प्राण्यांच्या गणाच्या दोन मोठ्या शाखा आहेत, एक मांजराची, एक कुत्र्याची. आता सांगा, पाणमांजर कुठल्या शाखेत? कुत्र्याच्या! तिथेच स्कंक, अस्वल आणि रॅटल. आणि कुत्र्यासारखं दिसणारं तरस? ते मांजराच्या शाखेत, मुंगूस आणि उदमांजरासोबत. मी हे हॉस्टेलवर सांगितलं तेव्हा तरसावरून अर्धा तास वाद झाला. शेवटी गुगलनेच सोडवला.

वासाचं म्हणाल तर स्कंकच्या फवाऱ्यात थायॉल नावाची गंधकयुक्त संयुगं असतात. गॅस सिलिंडर लीक झालं की जो वास येतो, तो मुद्दाम मिसळलेल्या थायॉलचाच. फवारा तीनेक मीटर जातो, पण साठा संपला की पुन्हा भरायला दिवस लागतात. म्हणून स्कंक आधी पाय आपटतो, शेपटी उभारतो, ताकीद देतो. उदमांजराला असा नेम धरून फवारा मारता येत नाही. कोंडीत सापडलं तर तेही घाण वासाचा स्राव सोडतं, बस्स. त्याच्या नर-मादी दोघांनाही शेपटीखाली ग्रंथी असतात आणि त्या वृषणांसारख्या दिसतात. त्यावरूनच शास्त्रीय नावात चक्क 'हर्माफ्रोडायटस' हा शब्द आला. प्राणी अजिबात उभयलिंगी नाही, नाव मात्र कायमचं चिकटलं.

'मसण्या' हे नाव तर जिवावरच उठतं. माझ्या आजीच्या तोंडी हे नाव उदमांजरालाही आहे आणि जमीन उकरणाऱ्या बिज्जूलाही. उदमांजर झाडावर चढणारं, रात्री फिरणारं जनावर. उंबर, आंबा, चिकू, किडे, उंदीर हे त्याचं जेवण. फळं खाऊन ते बिया लांबवर टाकतं. इंग्रजीत त्याला 'टॉडी कॅट' म्हणतात, कारण ताडीच्या मडक्यांवरही ते डल्ला मारतं. हा त्याचा खरा गुन्हा. दोन्ही प्राण्यांना वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ लागू आहे. बिज्जू तर थेट अनुसूची एकमध्ये, म्हणजे वाघाच्या रांगेत. इथून जवळच लोणारच्या सरोवराभोवती अभयारण्य आहे, तिथे लोक दुर्बिणी घेऊन येतात. आपल्या पत्र्याखालचा प्राणी मात्र काठीनेच बघायचा!

त्या रात्री मी ग्रुपवर उदमांजराचे दोन फोटो आणि वन विभागाचा १९२६ हा टोल-फ्री नंबर टाकला. घरमालक काकांनी पोरांना हुसकावलं, लाइट बंद केला आणि मागचं दार उघडं ठेवलं. पहाटेपर्यंत तुळई रिकामी झाली होती. पत्र्यावर फक्त उंबराच्या बियांनी भरलेली लेंडी पडली होती. तिचाही फोटो काकांनी ग्रुपवर टाकलाच.