‘तो आमच्या ताब्यात नाही’

बंदी प्रत्यक्षीकरणाचा, म्हणजे हेबियस कॉर्पसचा विषय निघाला की 28 एप्रिल 1976 चा जबलपूर निकाल आठवतो. आठवायलाच हवा. आणीबाणीत ‘मिसा’ या अंतर्गत सुरक्षा कायद्याखाली स्थानबद्ध झालेल्यांना न्यायालयात दाद मागता येते, असे नागपूर खंडपीठासह नऊ उच्च न्यायालयांनी म्हटले होते. सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध एक मताने ते दार बंद केले. न्या. एच. आर. खन्ना एकटे विरोधात उभे राहिले आणि त्यांचे सरन्यायाधीशपद हुकले. 1978 च्या 44 व्या घटनादुरुस्तीने जीविताच्या व व्यक्तिस्वातंत्र्याच्या हक्काचे कलम 21 आणीबाणीतही अबाधित ठेवले. 2017 मध्ये तो निकालही रद्दबातल ठरला.

मला त्याहून अवघड वाटतो तो पुराव्याचा प्रश्न. माणूस आत आहे हे सरकारला मान्य असेल, तर कोठडी कायदेशीर असल्याचे सरकारनेच दाखवायचे असते. कारणे कळवायला उशीर झाला, बंद्याला न समजणाऱ्या भाषेत कागद दिले, एवढ्यावरही स्थानबद्धता रद्द होते. कोंडी होते ती ‘तो आमच्या ताब्यात नाहीच’ असे प्रतिज्ञापत्र आल्यावर. ठाण्यातली नोंदवही पोलिसांकडे, आणि नोंदच केली नसेल तर घरच्यांनी दाखवायचे काय?

केरळातल्या ईचर वारियर यांच्यापुढे हाच प्रश्न होता. त्यांचा मुलगा राजन कालिकतच्या रीजनल इंजिनिअरिंग कॉलेजात शिकत होता. 1 मार्च 1976 ला पोलिसांनी त्याला उचलले. वडिलांनी मंत्र्यांपासून पोलीस अधिकाऱ्यांपर्यंत सगळ्यांचे उंबरे झिजवले. आणीबाणी उठताच ते केरळ उच्च न्यायालयात गेले. राजनला पकडलेच नाही, असे सरकारने शपथेवर सांगितले. न्यायालय तिथे थांबले नाही, हे मला फार मोलाचे वाटते. त्याने साक्षीदार बोलावले. मुलाला नेल्याचे वडिलांना कळवणारे प्राचार्य आले, कक्कयमच्या छावणीत राजनला पाहिलेले लोक आले. एकेका साक्षीतून कोठडी सिद्ध झाली आणि न्यायालयाने राजनला हजर करण्याचा आदेश दिला. तो कोठडीत मेल्याची कबुली पुढे सरकारला द्यावी लागली. मुख्यमंत्री करुणाकरन यांना पद सोडावे लागले. मृतदेह कधीच मिळाला नाही.

मणिपुरात 1982 मध्ये लष्कराने नेलेल्या दोघांबाबतही ‘ते निघून गेले’ असे उत्तर आले. सर्वोच्च न्यायालयाने ते मानले नाही आणि 1984 मध्ये दोघांच्या पत्नींना प्रत्येकी 1 लाख रुपये द्यायला लावले.

आज मात्र अशा याचिकेत पोलिसांचा नकार आला की पुष्कळदा ‘बेपत्ता झाल्याची तक्रार करा’ म्हणून घरच्यांची बोळवण होते. हे मला पटत नाही. 1996 च्या डी. के. बसू निकालापासून अटकेचा पंचनामा साक्षीदाराच्या सहीने करणे बंधनकारक आहे. 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने प्रत्येक पोलीस ठाण्यात सीसीटीव्ही लावून चित्रण जपायला सांगितले. तेव्हा नातेवाइकांनी ठाणे, तारीख आणि वेळ लिहून त्या चित्रणाची मागणी पहिल्याच अर्जात करावी. आणि कॅमेरा नेमका त्याच रात्री बंद होता असे उत्तर आले, तर त्याचा जाब न्यायालयाने ठाणेदाराला विचारावा.