कापडातून उतरलेलं आभाळ

सत्यजित राय यांच्या ‘अपराजितो’मधलं काशीचं घर काशीत नाहीच! मधला चौक आणि भोवतीच्या खोल्या कलादिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्त यांनी कोलकात्यात, स्टुडिओत उभारल्या होत्या. मग चौकात वरून झिरपणारा तो मऊ, अस्सल दिवसाचा उजेड १९५६ साली आला कुठून?

तो आणला सुब्रत मित्र या पंचविशीतल्या कॅमेरामनने. उंच भिंतींच्या चौकात ऊन फार थोडा वेळ उतरतं. एरवी असतो तो आभाळाचा उजेड. आभाळ म्हणजे केवढा अफाट दिवा! त्याचा प्रकाश एका बिंदूतून नव्हे, सगळीकडून येतो, म्हणून सावलीला धार राहत नाही. स्टुडिओतला दिवा पडला लहान. त्याची सावली कडक, आणि चार दिवे लावले तर माणसाला चार सावल्या! खोटेपणा तिथेच उघडा पडतो. मित्रांनी चौकावर पांढरं कापड ताणलं आणि दिवे नटांवर न रोखता खालून त्या कापडावर मारले. अख्खं कापडच दिवा झालं. यात प्रकाश वाया फार जातो, आणि तेव्हाच्या फिल्मला तर प्रकाश भरपूर लागे. तरी त्यांनी ते धाडस केलं. लग्नात फोटोग्राफर फ्लॅश छताकडे वळवतो, त्यामागेही हेच तत्त्व आहे.

मला त्याहून थक्क करतं ते त्यांचं शिक्षण. फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रन्वार ‘द रिव्हर’च्या चित्रीकरणासाठी बंगालमध्ये आले, तेव्हा मित्रांना काम मिळालं नाही, नुसतं बघायची परवानगी मिळाली. ते रोज दिवे कुठे, कॅमेरा कुठे, याच्या आकृत्या वहीत काढत. इतक्या बारकाईने, की छायालेखक क्लोद रन्वार स्वतः त्या नोंदींचा आधार घेऊ लागले. त्यानंतर थेट ‘पथेर पांचाली’! चित्रपटाचा कॅमेरा त्यांनी त्याआधी कधी चालवलाच नव्हता. त्याच चित्रपटात काही ठिकाणी सतारही त्यांनीच वाजवली आहे.

पुढे ‘चारुलता’, ‘नायक’. हिंदीत राज कपूर-वहिदा रहमान यांचा ‘तीसरी कसम’. राष्ट्रीय पुरस्कार मात्र मिळाला थेट ऐंशीच्या दशकात, ‘न्यू दिल्ली टाइम्स’साठी. एवढा उशीर मला खटकतो. अखेरच्या वर्षांत ते कोलकात्याच्या सत्यजित राय चित्रपट संस्थेत तरुण कॅमेरामनना शिकवत होते.