चढा, उतरा, पुन्हा चढा! ठाणे ते कल्याण : वीस किलोमीटर, दोन हजार वर्षं

सिंगापूर फिरून आलेल्या कुणाचाही फोन उघडा. उघड्या टपाच्या बसमध्ये, वरच्या मजल्यावर, वाऱ्याने केस विस्कटलेल्या अवस्थेतला एक फोटो हमखास सापडतो. 'हॉप ऑन हॉप ऑफ' बसची गंमतच तशी आहे. तिकीट एकदाच काढायचं, आवडेल तिथे उतरायचं, मनसोक्त बघायचं आणि मागून येणारी बस पकडून पुढे निघायचं. मुंबईतही एमटीडीसीच्या उघड्या टपाच्या 'नीलांबरी'ने वर्षानुवर्षं लोकांना दक्षिण मुंबईच्या जुन्या इमारती दाखवल्या. २०२३ मध्ये ती निवृत्त झाली, आणि त्याच वर्षी बेस्टच्या जुन्या लाल डिझेल डबलडेकरनेही निरोप घेतला.

ठाणे, डोंबिवली, कल्याण पाहायचं असेल तर हेच काम आपली लोकल करते. उपनगरी रेल्वेचं एक, तीन किंवा पाच दिवसांचं टुरिस्ट तिकीट मिळतं. ते घेतलं की दिवसभर कितीही वेळा चढा आणि उतरा. ज्यांच्याकडे पास आहे, त्यांच्या तर खिशातच सहल आहे. ठाणे, कळवा, मुंब्रा, दिवा, कोपर, डोंबिवली, ठाकुर्ली, कल्याण अशी ही आठ स्टेशनं. रोज लाखो माणसं या मार्गाने घाईने जातात. या रविवारी घाई नको. चला, एकेका थांब्यावर उतरू.

थांबा १ : ठाणे स्टेशन
देशातली पहिली प्रवासी रेल्वेफेरी म्हणजे चक्क सहल!

१६ एप्रिल १८५३. दुपारचे ३ वाजून ३५ मिनिटं. बोरीबंदरहून १४ डबे आणि सुमारे ४०० पाहुणे घेऊन गाडी निघाली. पुढे तीन इंजिनं होती : साहिब, सिंध आणि सुलतान. निघताना २१ तोफांची सलामी झाली. त्या दिवशी मुंबईत सुट्टीच जाहीर झाली होती. शाळेत हे सगळं आपण पाठ केलेलं असतं, पण एक गोष्ट सहसा कुणी सांगत नाही. गाडीतल्या कुणालाही ठाण्यात काम नव्हतं! पाहुणे ३४ किलोमीटर आले, तंबूंत मांडलेल्या खानपानाचा आस्वाद घेतला आणि संध्याकाळी परतले. भारतातली पहिली प्रवासी रेल्वे चढा-उतरा-परत या पद्धतीचीच होती, आणि तिचा उतरायचा थांबा होता ठाणे.

थांबा २ : तलावपाळी
बोट, भेळ आणि भलीमोठी पिंड

स्टेशनपासून रमतगमत दहा मिनिटांवर मासुंदा तलाव लागतो. ठाणेकर त्याला तलावपाळीच म्हणतात. एकेकाळी या शहरात साठेक तलाव होते, असं सांगतात. आज पस्तिसेक उरले आहेत, तरी 'तलावांचं शहर' हे नाव ठाण्याला अजून शोभतं. संध्याकाळी इथे पोरं बोटीचा हट्ट धरतात, आजी-आजोबा कट्टा धरतात आणि भेळवाल्याची सुरी कच्च्या कैरीवर अखंड चालू असते.

काठावरचं मंदिर ठाण्याचं ग्रामदैवत कौपिनेश्वराचं. १७६० च्या सुमारास सरसुभेदार रामाजी महादेव बिवलकर यांनी त्याचा जीर्णोद्धार केला. गाभाऱ्यातली पिंड इतकी मोठी आहे की पहिल्यांदा पाहणारा क्षणभर थबकतोच. समोरच राम गणेश गडकरींचं नाव मिरवणारं, १९७८ पासूनचं गडकरी रंगायतन आहे. एका पाण्याभोवती देव, नाटक आणि खाऊगल्ली असं तिन्ही एकत्र कुठे सापडतं?

जाता जाता : शिलाहार राजांच्या ताम्रपटांत ठाण्याचं नाव 'श्रीस्थानक' असं येतं. तेराव्या शतकाच्या अखेरीस मार्को पोलोनेही ठाण्याबद्दल लिहून ठेवलं. इथल्या उत्तम कमावलेल्या कातड्याचं त्याने कौतुक केलं आहे. शिवाय एक भन्नाट नोंदही केली आहे : समुद्रातल्या लुटीतले घोडे राजाचे आणि बाकीचा माल चाच्यांचा, असा राजाचा चाच्यांशी करार होता!

थांबा ३ : ठाण्याचा किल्ला
गाण्यातून सुटका

ठाण्याचं मध्यवर्ती कारागृह हा मुळात किल्ला आहे. पोर्तुगिजांनी १७३० च्या दशकात तो बांधायला घेतला, पण त्यांचं काम पुरं होण्याआधीच १७३७ मध्ये चिमाजी अप्पांच्या मोहिमेत मराठ्यांनी तो घेतला.

दुसऱ्या बाजीरावाचा विश्वासू त्रिंबकजी डेंगळे इथे इंग्रजांच्या कैदेत होता. पहारा गोऱ्या शिपायांचा होता आणि त्यांना मराठी येत नव्हतं. बाहेर घोड्यांची देखभाल करणारा एक मोतद्दार काम करता करता गाणी म्हणायचा. त्या गाण्यांतच पळून जाण्याचा बेत गुंफलेला होता, अशी हकीकत बिशप हेबरने नोंदवली आहे. सप्टेंबर १८१६ मध्ये त्रिंबकजी निसटला.

याच भिंतींच्या आत १९ एप्रिल १९१० रोजी अनंत कान्हेरे, कृष्णाजी कर्वे आणि विनायक देशपांडे हे तिघे क्रांतिकारक फासावर गेले. कान्हेरे तेव्हा जेमतेम अठरा वर्षांचे होते. आत जाता येत नाही, पण बाहेरच्या रस्त्यावर दोन मिनिटं थांबावं, इतकं त्या तिघांचं आपल्यावर ऋण आहे.

थांबा ४ : टेंभी नाका
मराठी बोलणाऱ्यांचं सिनेगॉग

नवरात्रात टेंभी नाक्याची देवी पाहायला उभा जिल्हा लोटतो. १९७८ मध्ये आनंद दिघे यांनी हा उत्सव सुरू केला. तिथून जवळच १८७९ सालचं 'शआर हाशामाईम', म्हणजे 'स्वर्गाचं द्वार' हे ज्यूंचं प्रार्थनामंदिर आहे. ते बेने इस्रायल समाजाचं. या समाजाची मातृभाषा मराठी. कोकणातल्या गावांत ते तेलाचे घाणे चालवत आणि शनिवारी पवित्र दिवस पाळून काम बंद ठेवत, म्हणून त्यांचं नाव पडलं 'शनवार तेली'. गावाच्या नावावरून पेणकर, किहीमकर अशी त्यांची आडनावं. यांतली बरीच कुटुंबं इस्रायलला गेली, पण तिथेही त्यांनी 'मायबोली' नावाचं मराठी नियतकालिक चालवलं.

भूक लागली? मग मामलेदार मिसळ. मामलेदार कचेरीजवळची, म्हणून हे नाव. इथे ऑर्डर देण्याआधी एकच प्रश्न महत्त्वाचा : तिखट, मध्यम की कमी? लालभडक कट, त्यावर फरसाण, चिरलेला कांदा, बाजूला पाव. पहिल्या घासाला नाक, दुसऱ्याला डोळे आणि तिसऱ्याला कपाळ कामाला लागतं. पहिल्यांदा जाणाऱ्याने 'मध्यम'च म्हणावं, हा मनापासून सल्ला.

आणि पुस्तकांची भूक? ठाण्याचं मराठी ग्रंथसंग्रहालय १ जून १८९३ रोजी सुरू झालं. 'महाराष्ट्र सारस्वत'कार वि. ल. भावे हे त्याच्या संस्थापकांपैकी.

थांबा ५ : कळवा-मुंब्रा
खाडी, रोहित आणि काळोख

ठाणं सुटलं की गाडी खाडी ओलांडते. हीच ठाण्याची खाडी पुढे ऐरोलीकडे रुंदावते आणि हिवाळ्यात तिथे रोहित, म्हणजे फ्लेमिंगो, हजारोंच्या संख्येने उतरतात. २०१५ मध्ये तिथे फ्लेमिंगो अभयारण्य जाहीर झालं आणि २०२२ मध्ये खाडीला 'रामसर' पाणथळीचा जागतिक दर्जा मिळाला. एवढ्या दाट वस्तीच्या कुशीत असा दर्जा मिळणं ही मिरवण्यासारखी गोष्ट आहे.

पुढे पारसिकचा डोंगर. १८५४ ची मूळ लाइन त्याला वळसा घालून मुंब्र्याच्या बाजूने गेली. १९१६ मध्ये मात्र डोंगराच्या पोटातून सुमारे १.३ किलोमीटरचा सरळ बोगदा निघाला. कल्याण-डोंबिवलीच्या कित्येक पिढ्यांचा दिवस या बोगद्यात शिरायचा आणि बाहेर यायचा. गाडी आत शिरली की आवाज दुप्पट व्हायचा, खिडकीतून कोंदट गार हवा यायची आणि डब्यातल्या भजनी मंडळाचे टाळ मात्र ठेका सोडायचे नाहीत. फेब्रुवारी २०२२ मध्ये पाचवी-सहावी मार्गिका सुरू झाली. तेव्हापासून जलद लोकल मुंब्र्यावरून जातात आणि बोगदा मेल-एक्स्प्रेसकडे गेला आहे.

मुंब्र्याला मान वर करा. डोंगराच्या कड्यावर मुंब्रादेवीचं मंदिर दिसतं. धावत्या गाडीतून हात जोडणारे प्रवासी आजही दिसतात.

थांबा ६ : दिवा आणि कोपर
कोकणाची वेस आणि डबलडेकर स्टेशन

दिवा म्हणजे चाकरमान्यांसाठी कोकणाचं दार. सावंतवाडीची गाडी इथूनच सुटते, आणि गणपतीच्या दिवसांत फलाटावर माणसांपेक्षा पिशव्या जास्त दिसतात.

कोपरला डबलडेकर बसची हौस भागते, कारण स्टेशनच दुमजली आहे! खाली कल्याणची मुख्य लाइन, वर वसई-दिवा लाइन. म्हणून बोलताना लोक 'अप्पर कोपर' असंच म्हणतात. वरच्या फलाटावर उभं राहून पायाखालून धडधडत जाणारी लोकल एकदा पाहाच. लहान मुलांना तर इथून हलवणं कठीण जातं.

थांबा ७ : डोंबिवली
जिथे शोभायात्रेची पहिली गुढी उभी राहिली

गुढीपाडव्याला आज महाराष्ट्रभर निघणाऱ्या नववर्ष स्वागतयात्रेचं माहेर डोंबिवली. १९९९ मध्ये श्री गणेश मंदिर संस्थानाच्या पुढाकाराने पहिली यात्रा निघाली. कल्पना आबासाहेब पटवारी यांची. नऊवारी, फेटे, ढोल-ताशे, लेझीम, चित्ररथ, सगळं एकाच रस्त्यावर. पाहता पाहता हे लोण ठाणे, गिरगाव आणि थेट परदेशातल्या मराठी मंडळांपर्यंत पोहोचलं.

दुसरा सोहळा दिवाळी पहाटेचा. नरकचतुर्दशीला अभ्यंगस्नान, फराळाचा पहिला घास आणि लगेच फडके रोड! कुणी ठरवून बोलावत नाही, तरी नव्या कपड्यांतली तरुणाई रस्ता भरून टाकते. शाळा सुटल्यावर पांगलेले मित्र वर्षातून एकदा नेमके इथेच भेटतात. पुण्याला किंवा बंगळुरूला नोकरीला गेलेली डोंबिवलीची मुलं दिवाळीचं तिकीट काढताना आधी या सकाळचा हिशोब करतात.

वाचणारं गाव अशी डोंबिवलीची ओळख आहे. कथाकार शं. ना. नवरे इथलेच. २०१७ मध्ये नव्वदावं अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनही याच गावात भरलं.

पुढे ठाकुर्ली. इथल्या चोळे गावाजवळ जीआयपी रेल्वेने स्वतःचं वीजघर उभारलं होतं. 'चोळा पॉवर हाऊस' हे नाव जुन्या रेल्वेवाल्यांच्या तोंडी अजून आहे. गाड्या विजेवर धावू लागल्या, त्यात ठाकुर्लीचा हात होता.

थांबा ८ : कल्याण
ग्रीकांच्या वहीपासून शुक्रापर्यंत

इसवी सनाच्या पहिल्या शतकातल्या 'पेरिप्लस' या ग्रीक दर्यावर्दी ग्रंथात 'कल्लिएना' बंदराचा उल्लेख आहे. तेच आपलं कल्याण. कान्हेरीच्या लेण्यांतही कल्याणच्या दानशूर व्यापाऱ्यांची नावं कोरलेली आहेत. म्हणजे कल्याणकर दोन हजार वर्षांपासून प्रवास करताहेत!

ऑक्टोबर १६५७ मध्ये शिवरायांनी कल्याण-भिवंडी घेतली. खाडीकाठचा दुर्गाडी किल्ला आणि इथली जहाजबांधणी म्हणजे स्वराज्याच्या आरमाराचा पाळणा. संध्याकाळी दुर्गाडीवर उभे राहा. खाली उल्हासची खाडी संथ वाहत असते, आणि इथूनच समुद्राकडे वाट काढण्याचा विचार राजांना का सुचला असेल, ते न सांगता कळतं.

१ मे १८५४ रोजी रेल्वे कल्याणला पोहोचली. इथून एक फाटा कसाऱ्याकडे थळ घाटात जातो, तर दुसरा कर्जतकडे बोरघाटात. १८६४ मध्ये सार्वजनिक वाचनालय सुरू झालं. आणि याच गावात एक मुलगी वाढली : ३१ मार्च १८६५ रोजी जन्मलेल्या आनंदीबाई जोशी. १८८६ मध्ये फिलाडेल्फियात त्या डॉक्टर झाल्या आणि पुढच्याच वर्षी, एकविसाव्या वर्षी, पुण्यात वारल्या. त्यांच्या अस्थी न्यूयॉर्क राज्यातल्या पोकीप्सीच्या दफनभूमीत आहेत. शुक्र ग्रहावरच्या एका विवरालाही त्यांचं नाव दिलेलं आहे. कल्याणच्या लेकीइतकं लांब या लाइनवरचं दुसरं कुणी गेलेलं नाही.

जादा थांबा : अंबरनाथ
नऊशे वर्षं नव्हे, साडेनऊशेहून जास्त!

अजून उजेड आहे? मग कर्जतच्या फाट्यावर तिसरं स्टेशन गाठा. वालधुनी नदीकाठचं शिवमंदिर शिलाहारांच्या काळातलं, शके ९८२ म्हणजे इ. स. १०६० चं. बाहेरच्या भिंतीवर रिकामी जागा शोधून सापडत नाही, इतकी शिल्पं आहेत. गाभाऱ्यात जायला पायऱ्या उतराव्या लागतात. बाहेर कितीही ऊन असो, आतला दगड पायाला थंडच लागतो.

निघण्यापूर्वी

दिवस रविवारचा निवडा, पण आधी मेगाब्लॉकचं वेळापत्रक बघा. सकाळी ठाण्यापासून सुरुवात करा आणि उतरत्या उन्हात दुर्गाडी गाठा. फ्लेमिंगोंसाठी हिवाळा ते उन्हाळ्याची सुरुवात उत्तम, पण त्यांच्यासाठी वेगळी सकाळ राखून ठेवा. स्टेशनपासून पुढे टीएमटी, केडीएमटीच्या बस आणि शेअर रिक्षा आहेतच. पाण्याची बाटली, टोपी आणि सुटे पैसे बरोबर असू द्या. आणि हो, देवळात, किल्ल्यात किंवा तलावाकाठी कचरा टाकू नका.

पाहुणे आले की आपण त्यांना गेटवे दाखवायला नेतो. यंदा त्यांना आपलं गाव दाखवा. ज्या स्टेशनवरून तुम्ही वर्षानुवर्षं नुसते पुढे गेलात, तिथे एकदा तरी उतरा. पुढची लोकल चार-पाच मिनिटांत येतेच.